छत्तीस आवे

बसा असे इकडे, सावलीत. त्या दगडावर नको, तापलाय तो, बसलात तर उडाल. दादा यायला अजून वेळ आहे. चाक तो आल्याशिवाय दाखवता येणार नाही, त्याचं आहे ते, मी नुसता गाढवं हाकणारा. पण मघाशी तुम्ही विचारलंत ना, एवढं चांगलं चाक, अजून भिंगरीसारखं फिरतं म्हणता, मग विकायला का काढलं म्हणून? ते सांगतो तुम्हाला. ऐकून बरं वाटणार नाही, पण त्यात एक अक्षर खोटं घालणार नाही. फक्त दादा दिसला की मी थांबणार. मध्येच तुटलं तर तुटलं.

आम्ही घरात तिघं. दादा, वहिनी आणि मी. दादा माझ्याहून बारा वर्षांनी मोठा. आईबाप गेले तेव्हा मी गुडघ्याएवढा होतो, त्यानंच वाढवलं. त्याला मूलबाळ नाही, त्यामुळं त्याची माया आणि त्याच्या हातचा मार, दोन्ही मला एकट्यालाच मिळालं, वाटेकरी कोणी नव्हता. दादा चाकावर मडकी घडवतो. वहिनी माती मळते, मडकी थापटते. मी खाणीवरून माती आणतो. तेव्हा पाच गाढवं होती. त्यातल्या एकाचं नाव आम्ही वकील ठेवलं होतं, कारण पुढ्यात काही टाकल्याशिवाय तो पाय उचलायचा नाही.

खाण खाली, नदीच्या वळणाला. काळी, चिकट माती, खडा म्हणून सापडायचा नाही. इथून बागेच्या कडेनं सरळ वाट होती. एक विडी पेटवली की ती विझायच्या आत मी खाणीवर. आजा त्याच वाटेनं जायचा, आज्याचा बापही. खुरांनी वाट इतकी खोल झाली होती की पावसात तिच्यातून ओहोळ वाहायचा.

मग बाग विकली गेली. नवा मालक आला, त्याला आम्ही बागवालाच म्हणतो. माणूस वाईट नाही. वाईट असता तर बरं झालं असतं, निदान मोकळेपणानं शिव्या देता आल्या असत्या. त्यानं आल्या आल्या भिंत घातली, पुरुषभर उंच, आणि आमची वाट भिंतीच्या आत गेली. दादा सांगायला गेला तर तो म्हणाला, "माझ्या खरेदीच्या कागदात वाट नाही."

दादा म्हणाला, "कागदात नसेल, पायाखाली आहे. चल, दाखवतो."

तो काही बघायला आला नाही.

मग उरला ओढा. ओढ्यातून फिरून जायचं म्हणजे तिप्पट चाल, आणि आमच्या बाजूची दरड अशी उभी की भरलेलं गाढव चढत नाही. पहिल्याच महिन्यात एक घसरलं, पुढचा पाय मोडला. त्याचं पुढं काय केलं ते नाही सांगत. तेव्हापासून ओढ्याच्या तळापर्यंत माती गाढवावर, आणि तिथून वर डोक्यावर. मी आणि वहिनी. दादाला डोक्यावर जमत नाही, चाकावर वाकून वाकून त्याची मान आखडलीय. ओली माती काय जड असते ते उचलल्याशिवाय कळायचं नाही. घमेलं डोक्यावर ठेवलं की मान खांद्यात शिरते. दरडीवर पाय रोवताना वहिनीचा डावा गुडघा वाजायचा, कट्ट. मागून मला ऐकू यायचं.

मी म्हणायचो, "वहिनी, तेल घाला त्याला."

ती म्हणायची, "तुझ्या जिभेला घाल आधी. घसरून पडेल एकदाची."

दादानं दावा लावला. चार वर्षं चालला. तारखेला तो जायचा, मी मागे काम बघायचो. फक्त निकालाच्या दिवशी मी गेलो, कारण त्या दिवशी आवा पेटलेला होता. आवा म्हणजे आमची भट्टी हो. कच्ची मडकी रचायची, वर गवत, लीद, काटक्या, त्यावर राख, आणि पेटवायचा. एकदा पेटला की दादा जागचा हलत नाही. जाळ जरा इकडंतिकडं झाला की महिन्याची मेहनत तडकते. महिन्याला एक आवा. आमचं वर्ष बारा आव्यांचं.

कोर्टात मी मागे भिंतीला टेकून उभा राहिलो. साहेबांनी वाचलं. मला कळलं ते इतकंच, वाट यांची आहे, भिंत पाडून मोकळी करून द्यावी. आमचा वकील म्हातारा, दम्याचा, त्यानं माझ्या खांद्यावर थाप मारली आणि खोकत खोकत गेला. पुढं दोन महिन्यांत तो गावच सोडून मुलीकडं राहायला गेला, पुन्हा दिसला नाही.

बाहेर एक कारकून चहा पीत होता. मी त्याला विचारलं, "आता भिंत कधी पडणार?"

तो म्हणाला, "त्यानं आपणहून पाडली तर उद्या. नाही पाडली तर तुम्ही दरखास्त द्यायची, म्हणजे कोर्टाचा माणूस येऊन पाडेल. पण तीन वर्षांच्या आत द्यायची. आणि ऐक, तीन वर्षं आजपासून. कागद हातात येईल तेव्हापासून नव्हे. लोक तिथंच फसतात."

वाटभर मी ते घोकत आलो, बाजारातून काय आणायचं ते घोकतात तसं. तीन वर्षं, आजपासून.

घरी आलो तर आवा धुमसत होता. दादा जाळाजवळ, भुवया करपलेल्या. मी म्हणालो, "जिंकलो." वहिनीनं राखेचा हात तसाच तोंडावर नेला, पांढऱ्या मिशा उमटल्या तिला. दादा खालीच बसला. म्हणाला, "कागद कुठाय?"

"नक्कल मिळायला वेळ लागेल म्हणाले. पण दादा, तो कारकून म्हणाला, तीन वर्षं आजपासूनच..."

दादा हसला. खूप दिवसांनी हसला होता. म्हणाला, "गाढवांच्या संगतीत राहून तू पार गेलास बघ. चाकावरून उतरलं की झालं का मडकं? घालशील त्यात पाणी? वाळवायचं, थापटायचं, भाजायचं, मग मडकं म्हणायचं त्याला. आज साहेब नुसता तोंडानं बोललाय. कच्चं आहे ते. शिक्का बसून हातात येईल तेव्हा भाजून निघालं समज. तिथून मोजायचं."

वहिनी हसली. मीही हसलो. खरं सांगू, मला ते पटलंच. आमच्यात मडक्याचं वय आव्यातून निघाल्यापासून धरतात, आधीचं कोण धरतो? मी म्हणालो, "कारकुनाला काय कळतंय," आणि इंधन टाकायला लागलो.

नक्कल यायला चौदा महिने लागले. कधी शाई नाही, कधी माणूस रजेवर, कधी "पुढच्या आठवड्यात या." दादानं कागद आणला, कपाळाला लावला, पत्र्याच्या पेटीत ठेवला. कागदाच्या वर शिक्का होता, त्यात तारीख. निकालाची तारीख आत कुठंतरी बारीक अक्षरात होती. आमच्या घरात कोणाला धड वाचता येत नाही, शिक्का तेवढा ओळखता येतो. दुसऱ्या दिवशी दादानं पडवीतल्या मोठ्या रांजणावर खिळ्यानं एक रेघ ओढली. म्हणाला, "छत्तीस आवे. हा पहिला."

आता तुम्ही म्हणाल, कागद आला, मग लगेच दरखास्त का नाही दिली? दादा देणार होता. सदरा धुऊन वाळत घातला होता. पण त्याच दिवशी बागवाला घरी आला. पहिल्यांदाच. दारात चपला काढून उभा राहिला. वहिनीनं बसायला दिलं तर बसला नाही.

म्हणाला, "कुंभारदादा, भिंत पाडतो. मला नाही म्हणायचं नाही. पण भिंतीला लागून खोली आहे, तिथं माझी आई आहे. अंथरुणाला खिळलीय. खोलीची मागची बाजू म्हणजे ती भिंतच. पाडली तर तिला हलवावं लागेल, आणि डॉक्टर म्हणतो हलवू नका. तिचं होऊ द्या. मग मी स्वतः पहार हातात घेतो."

दादानं वहिनीकडं पाहिलं. वहिनीनं मान हलवली. त्यानं रांजणाकडं पाहिलं, एकच रेघ होती त्यावर. म्हणाला, "पस्तीस आहेत अजून. असू दे म्हातारी आहे तोवर. माणसाच्या उशाशी घण घालायचा का?"

बागवाल्यानं दादाचे हात धरले. ते खोटं नव्हतं. मी बघितलंय त्याचं तोंड.

आणि म्हातारी जगली हो. सहा महिने म्हणता म्हणता वर्ष झालं, दीड वर्ष झालं. आम्ही ओढ्यातून माती आणतच होतो. दुसऱ्या पावसाळ्यात दरड ढासळली, मग आणखी पलीकडून चढायचं. वहिनीचा गुडघा आता वाजायचा नाही, सुजलेला असायचा. सकाळी ती जमिनीवरून उठताना आधी दोन्ही हात टेकायची, मग ढुंगण वर करायची, मग हळूहळू कंबर, गाय उठते तशी. मी बघतोय असं दिसलं की म्हणायची, "काय बघतोस मेल्या, तुझी बायको आली असती तर मी झोपूनच राहिले असते."

एकदा घमेलं घेऊन मध्यावर बसली ती उठेचना. मी घमेलं उतरवलं. ती म्हणाली, "अरे, त्या दिवशी तू काय म्हणाला होतास? आवा पेटला होता तेव्हा. आजपासून म्हणून?"

मी म्हणालो, "म्हणालो होतो. दादा म्हणाला कच्चं असतं."

ती मातीकडं बघत राहिली. "त्यांना विचारू का पुन्हा?"

"विचारा."

तिनं विचारलं असेल की नसेल, मला माहीत नाही. मी विचारलं नाही. एकदा हसण्यावारी गेलेली गोष्ट परत कशी काढायची? मोठा भाऊ आहे. आणि आपणच चुकत असू तर?

तीन वर्षं पुरी झाली तो दिवस मी नंतर बोटं मोजून काढला. त्या दिवशी काही घडलं नव्हतं हो. ऊन होतं. त्या दिवशी वहिनी म्हातारीला पाण्यासाठी नवा माठ घेऊन गेली होती, जुना पाझरेनासा झाला होता म्हणून. म्हातारी तिच्या हाताला हात लावून म्हणाली, "तुमच्या वाटेवर निजलेय गं मी." वहिनी म्हणाली, "निजा. आम्हाला घाई नाही." हे घरी येऊन तिनंच सांगितलं, आणि दादा म्हणाला, "बरं बोललीस."

त्यानंतर महिनाभरानं म्हातारी गेली. दादानं खांदा दिला तिला. मग आणखी महिनाभर थांबला, म्हणाला, घरातलं रडणं आटू दे. बागवाला काही पहार घेऊन आला नाही. दादा गेला, तर तो म्हणाला, "वकिलांशी बोलतो." परत गेला, तर म्हणाला, "वकील म्हणतात कोर्टातून या." दादाला राग नाही आला, नवलच वाटलं. घरी येऊन म्हणाला, "बरं, कोर्टातून येऊ. माझ्याकडं अजून अकरा आवे आहेत."

आम्ही तिघंही गेलो. वहिनीला बघायचं होतं. एक तरुण वकीलबाई गाठली. तिनं कागद घेतला, शिक्क्याकडं बघितलंसुद्धा नाही, आत बोट फिरवत गेली आणि एका जागी थांबली. मग तिनं बोटांची पेरं मोजली. मग पुन्हा मोजली. टेबलावर पाण्याचा पेला होता, तो तिनं दादापुढं सरकवला.

"काका, तुम्ही आधी का नाही आलात?"

"आधीच आलोय की ताई. अकरा महिने आधी."

ती म्हणाली, "चौऱ्याऐंशी दिवस उशिरा आलात."

तरी तिनं दरखास्त दिली. भली पोरगी. बोलायची तेवढं बोलली, कागद उशिरा मिळाला, समोरच्यानं तोंडी मुदत मागितली, माणुसकी दाखवली ती यांच्याच अंगावर आली. बागवाल्याचा वकील उभा राहिला, दोन वाक्यं बोलला आणि खाली बसला. बागवाला पूर्ण वेळ चपलेनं फरशीवरचा एक डाग पुसत होता, जाईना तो.

साहेबही तसे मऊच होते. पेन खाली ठेवून दादाशी सरळ बोलले. "भिंत पाडून घ्यायच्या हुकमाला तीन वर्षं असतात. ती निकाल दिला त्या दिवसापासून. नक्कल कधी का मिळेना. निकालातच पाडायची एखादी तारीख घातलेली असती तर त्या तारखेपासून मोजली असती. वरच्या कोर्टानं थांबवलं असतं तर तेवढे दिवस सोडले असते. असं काही झालं होतं का?"

"नाही साहेब. यांनी मागितलं म्हणून मी थांबलो."

"ते कोर्टात येऊन लिहून घेतलं होतं का?"

"म्हातारी मरायला टेकली होती साहेब. तिथं कागद कुठं काढायचा?"

साहेबांनी कागद मिटला. म्हणाले, "या बाबतीत उशीर माफ करायचा अधिकार मला नाही. वाट तुमची आहे, हे कोर्टानं म्हटलंय आणि ते खरंच आहे. पण भिंत पाडून देणं आता माझ्या हातात उरलं नाही." मग त्यांनी विचारलं, बहुतेक सहजच, "मुदत निकालापासून धरतात, हे तुम्हाला कोणीच सांगितलं नव्हतं?"

दादा म्हणाला, "नाही साहेब. कोणीच नाही. कोणी नुसता शब्द जरी टाकला असता तरी मी दुसऱ्या दिवशी दारात उभा राहिलो असतो."

खोटं बोलत नव्हता तो. त्याला आठवतच नव्हतं. माझं तोंड उघडलं होतं बहुतेक, कारण वहिनीनं माझं मनगट धरलं. मळणाऱ्या बाईचा हात आहे तो, हाड मोडेल असा धरला. तिनं माझ्याकडं पाहिलं नाही, समोर साहेबांकडंच बघत होती.

बाहेर पायऱ्यांवर बागवाला आला. दादाला म्हणाला, "मी नाही काढलं हो ते मुदतीचं. वकिलानं काढलं." दादा म्हणाला, "बरं." येताना वाटभर तो बोटांवर काहीतरी मोजत होता, चौदा आणि पंचवीस, पंचवीस आणि चौदा, आणि दर वेळी वेगळंच उत्तर येत होतं त्याचं. घरी आल्यावर त्यानं रांजणावरच्या रेघा ओल्या मातीनं लिंपल्या. दुसऱ्या दिवशी वाळून गळून पडली ती माती. भाजलेल्या भांड्यावर कच्ची माती कुठली धरतेय. त्याला हे माहीत नाही का? पण लिंपली.

पुढं वहिनीचा गुडघा पुरताच बसला. आत झोपलीय ती, मघाशी खोकलेली ऐकलीत ती. एकट्यानं ओढ्यातून आणून आणून मी किती आणणार? महिन्याचा आवा दोन महिन्यांवर गेला, मग चार, मग बंदच झाला. गाढवं दोन विकली. आमचा तो गाढव वकील मेला, म्हातारा होऊन. हा एक उरलाय, याच्यावर मी लोकांची वाळू वाहतो.

आणि दादा आत्ता कुठं गेलाय माहीत आहे? बागेत. त्या भिंतीला पावसानं भेगा पडल्या, बागवाल्यानं बोलावलं, म्हणाला तुमच्यासारखा मातीचा हात कोणाचा नाही. मला वाटलं दादा थुंकेल. तो गेला. तीन दिवस झाले, भेगा भरतोय. काल मी ओढ्याकडून बघितलं. तळहातानं भिंत गुळगुळीत करत होता, चाकावर मडक्याच्या पोटावरून हात फिरवायचा तसाच, डोळे अर्धे मिटून. कोणी सांगितलंय इतकं गुळगुळीत करायला? भिंतच आहे ती.

रात्री मी आणि वहिनी त्यावर बोलत नाही. त्या कोर्टातल्या दिवसावरही नाही. दादा अजून कधीकधी जेवताना थांबतो आणि म्हणतो, "एक माणूस भेटला नाही रे आपल्याला. एकानं सांगितलं असतं तर." वहिनी म्हणते, "भाजी घ्या." मी म्हणतो, "हो ना." मला वाटतं, त्याला तेवढं तरी असू दे. जग वाईट निघालं, कोणी सांगितलं नाही, यावर माणूस जेवू शकतो. सांगितलं होतं, घरातल्यानंच, आणि आपण हसलो, यावर कसा जेवेल तो?

तो बघा, बांधावर. वाकून चालतोय तो. हात अजून मातीचेच असणार, धुवायचा नाही घरी येईपर्यंत. मी आता गप्प. तुम्ही चाक बघा, फिरवून बघा, हवं तेवढा वेळ घ्या. तो विचारेल, काय बोलत होतात दोघं इतका वेळ. गाढवांचं बोलत होतो म्हणा. आणि त्या आव्याच्या दिवशी मी काय म्हणालो होतो ते त्याच्यासमोर चुकूनही काढू नका. तो विसरलाय. त्याला विसरू द्या, एवढं करा आमच्यासाठी.